अक्काचं बोलणं

टीव्हीवरच्या विनोदी मालिका लिहून मी बरीच वर्षं पोट भरलं. हसवायचं कसं, हे मला थोरल्या बहिणीनं शिकवलं, तिच्याही नकळत. परतूरला घरी पाहुणे आले की अक्का चहा ओतता ओतता बोलायची. "मामा, अर्धाच कप म्हणता अन् बशी दोन डाव पुढं करून राह्यलेत." मामा स्वतःच सगळ्यात आधी हसायचे.

लग्न होऊन ती केदारखेड्याला गेली, तिथं अंगणवाडी सेविका झाली. मी औरंगाबादला नाटकं करत करत मुंबईला पोचलो.

नव्वदच्या दशकाच्या शेवटी एका मालिकेत मोलकरणीचं पात्र माझ्याकडे आलं. दोन-तीन भाग ते जमेना. मग मी तिच्या तोंडी अक्काची बोली घातली. वाचनाच्या वेळी नटीनं पहिलं वाक्य म्हटलं, "बाईसाहेब, मी भांडे घासून राह्यले ना," आणि सगळी खोली हसली. त्या वाक्यात विनोद नव्हता. विनोद पुढच्या वाक्यात होता, तिथं कुणी हसलंच नाही. हे मला तेव्हाच कळलं. कळूनही पुढच्या भागात मी 'राह्यले' चार वेळा घातलं.

मालिका जोरात चालली. फोनवर अक्का म्हणाली, "पाहतो आम्ही. छान आहे." ती आयुष्यभर 'हाय' म्हणत आली होती. 'आहे' ऐकूनही माझ्या काही लक्षात आलं नाही.

दिवाळीला केदारखेड्याला गेलो. शेताकडे जाताना दाजी थांबले.

"पाव्हणं, एक सांगू? राग न्हाई ना यायचा?"

त्यांनी सांगितलं ते असं. तालुक्याच्या गावी सेविकांची बैठक होती. मुलांच्या खिचडीचं धान्य किडकं आलं होतं. नेहमीप्रमाणे सगळ्यांच्या वतीनं अक्का उभी राहिली. "साहेब, लेकरं उपाशी जाऊन राह्यलेत," एवढंच ती बोलली. तर साहेब टीव्हीतल्या मोलकरणीच्या सुरात म्हणाले, "मंग आम्ही काय करून राह्यलो?" सगळे हसले, तिच्याबरोबरच्या बायकासुद्धा. अक्का खाली बसली.

"तवापासून बैठकीत तोंड उघडत न्हाई ती," दाजी म्हणाले.

घरी आलो तेव्हा अक्का कढईत चिवडा परतत होती. मी म्हणालो, "अक्का, मला सांगितलं का न्हाई?"

"काय सांगायचं, भाऊ? तू खोटं थोडंच लिहिलं? मी बोलते तसंच लिहिलं." तिनं कढई उतरवली. "एकच सांग. लहानपणापासून तुला माझ्या बोलण्याचंच हसू यायचं का?"

"न्हाई गं. तू गंमत करायची, तिचं यायचं."

"मंग ती गंमत का न्हाई घेतली?"

तिनं माझ्यापुढं चिवड्याची ताटली ठेवली आणि पुन्हा कामाला लागली.

मुंबईला परतल्यावर मी निर्मात्याला म्हणालो की मोलकरणीची भाषा बदलायची आहे. तो म्हणाला, "भाषा काढली तर त्या बाईत उरतं काय?" त्याचं बरोबर होतं. मी तिला दुसरं काही दिलंच नव्हतं. मग एक भाग असा लिहिला की ती रेशनच्या दुकानात किडक्या गव्हावरून भांडते, याच बोलीत, आणि कुणी हसत नाही. तो भाग चित्रित झाला, पण दाखवला गेला नाही. आणखी तीन महिने मी तिथं लिहीत राहिलो. मालिका ताबडतोब सोडायचं धाडस माझ्यात नव्हतं, हेही सांगायला हवं. शेवटी सोडली. दुसऱ्या लेखकानं ती मोलकरीण पुढं चालवली आणि लोक हसत राहिले.

पुढच्या उन्हाळ्यात अक्कानं माझ्याकडून पुन्हा किडक्या आलेल्या धान्याबद्दल अर्ज लिहून घेतला. "शुद्ध मराठीत लिही," तिनं बजावलं. मी मुद्दाम एका जागी 'लेकरं' ठेवलं. तिनं ओळीवर बोट ठेवत ठेवत वाचलं, माझ्या हातातला पेन घेतला, तो शब्द खोडला आणि वर 'बालके' लिहिलं.

काही दिवसांनी धान्य बदलून आलं. निवृत्त होईपर्यंत अक्का अर्जच करत राहिली. बैठकीत ती पुन्हा कधी उभी राहिली नाही.