कट्यारवाला शब्द

इंग्रजी भाषेतला एक शब्द इंग्रजांनी स्वतःच टाकून दिला होता, तो मी उचलला आणि त्यामुळे माझं लग्न झालं. यात हसण्यासारखं काय आहे ते मला आजतागायत कळलेलं नाही. पण ही हकीगत सांगितली की लोक पोट धरून हसतात. तेव्हा तुम्हीही हसून घ्या. मला सवय आहे.

माझा काका मुंबईला गिरणीत होता. शिमग्याला गावी येताना इतरांचे काका लुगडी आणायचे, छत्र्या आणायचे. माझ्या काकाने माझ्यासाठी डिक्शनरी आणली! चोरबाजारात ती म्हणे वजनावर मिळाली. जाडी मसाल्याच्या पाट्याएवढी आणि वास भिजलेल्या घोंगडीचा. तिची पहिली पानं नव्हती, शेवटचीही नव्हती. मधली जी होती त्यांचा आमच्या पोलादपूरच्या वाळवीने दोन पावसाळ्यांत फडशा पाडला. शेवटी शिल्लक राहिलं ते एकच अक्षर, ई. तेवढंच तिला का पचलं नाही कोण जाणे!

मी तेव्हा महाडला आत्याकडे राहून इंग्रजी शाळेत जात होतो. आमचे मास्तर म्हणायचे, "डिक्शनरी पाठ करा रे, साहेब खिशात!" मी पाठ केली. त्यामुळे मला इंग्रजीत हत्ती येऊ लागला, पण घोडा येईना. अंडं येऊ लागलं, पण कोंबडी येईना. (मॅट्रिकच्या परीक्षेत बाकीची अक्षरंही वापरतात. हा अन्याय मी दोनदा सोसला आणि पोलादपूरला घरी परत आलो.)

त्या पानांत काही शब्दांच्या डोक्याशी एक बारीकशी कट्यार छापलेली होती. सगळ्या शब्दांना नाही, निवडक शब्दांनाच. खुणांचे खुलासे पुस्तकाच्या सुरुवातीला असतात म्हणतात, पण आमची सुरुवात तर चोरबाजारातच राहिली होती. मी ते पान माझ्या वडिलांना, आबांना दाखवलं. आबा बैलगाडी हाकायचे. त्यांना अक्षर येत नव्हतं, पण कट्यार ओळखता येत होती.

"आबा, ही कट्यार कशाला असेल?"

"खुळा हायस काय रे? रायगडाच्या मुलखात जलमलास नि हे मला इचारतोस? कट्यार कुनाच्या कमरेला असते? हमालाच्या?"

"सरदाराच्या."

"मग? हे सरदार शब्द! बाकीचे सगळे हमाल!"

हे मला इतकं पटलं की मी हमाल शब्द सोडून दिले आणि सरदार तेवढे घोकले. त्यातही एक माझ्या फार मनात भरला. एफ्टसून्स! अर्थ दिले होते तीन: पुन्हा एकदा, त्यानंतर लवकरच, आणि ताबडतोब. मास्तरांना विचारलं होतं तेव्हा त्यांनी चष्मा पुसला, छताकडे पाहिलं आणि म्हणाले, "फार उच्च प्रतीचा शब्द आहे. आपल्यासारख्यांनी जपून वापरावा." (मास्तरांनी तो जन्मात पाहिला नव्हता हे मला फार उशिरा कळलं.) पुन्हा, लवकरच आणि ताबडतोब! सरकारी कचेरीत दिवसभर दुसरं काही बोलतच नाहीत. मला वाटलं, या एका शब्दावर आपली नोकरी पक्की.

आणि नोकरी समोरच होती. आंबेनळी घाटाच्या रस्त्याच्या कामावर एक गोरा साहेब आला होता, पोलादपूरच्या बंगल्यात उतरला होता आणि त्याला कारकून हवा होता. त्याच सुमाराला काकाचा मुंबईहून निरोप आला, "गिरणीत साच्यावर जागा झालीय, पोराला पाठव." आबांनी निरोप घेऊन आलेल्या माणसालाच झापलं, "सायबाचा मानूस होनार माझा पोरगा! तो काय साच्यावर उभा र्‍हाईल? धाकल्या भावाच्या पोराला न्या म्हनावं!" माझा चुलतभाऊ दुसऱ्या दिवशी मुंबईला गेला. तो पुढे चाळीत खोली घेऊन राहिला, गॉगल लावून गावी येऊ लागला. असो.

नोकरीवर आणखी एक गोष्ट टांगलेली होती, ती म्हणजे माझं लग्न. कुडपणच्या राघूमामांची एकुलती मुलगी भागी आबांनी माझ्यासाठी मनात धरली होती. राघूमामांना मुलगा नव्हता. डोंगरावर जमीन होती आणि गोठाभर म्हशी. पण ते हो म्हणेनात. "नोकरदार जावयाचा मला काय उपेग, आबा? सायबाच्या कचेरीत बसनारा मानूस माझ्या म्हशींकडं बघल काय?" आबा म्हणाले, "एकदा सायबाम्होरं उबा र्‍हायलेला बघा तर खरा!" राघूमामा म्हणाले, "बघतो." मला वाटलं, कारकून झालो की मामांचं तोंड बंद.

धुतलेलं धोतर, आत्याच्या नवऱ्याचा कोट आणि आबांचा फेटा घालून मी बंगल्यावर गेलो. साहेब वऱ्हांड्यात आरामखुर्चीत पडून चिरूट ओढत होता. त्याने इंग्रजीतच विचारलं, काम दिलं तर कधीपासून येशील? मी छाती काढली.

"एफ्टसून्स, सर!"

साहेबाच्या तोंडातला चिरूट पोटावर पडला!

"काय म्हणालास?"

"एफ्टसून्स, सर!"

सदरा झटकत तो आत धावला आणि मडमेला हाताला धरून बाहेर घेऊन आला. "पुन्हा म्हण!" मी पुन्हा म्हटलं. मडमेने तोंडाला रुमाल लावला आणि तिचे खांदे हलू लागले. मला वाटलं, बाईंना गहिवरून आलं. साहेबाने मला एक बिस्कीट दिलं आणि सांगितलं, "उद्या संध्याकाळी ये."

घरी आबा वाटच पाहत होते. "काय झाला रे?"

"उद्या बोलावलंय. हातात बिस्कीट दिलं."

"हातात? सायबानं? सोताच्या हातानं?" आबांनी माझ्या डोक्यावरचा फेटा उतरवून आपल्या डोक्यावर चढवला आणि ते सगळ्या बाजारातून एक फेरी मारून आले. आई मात्र दारातूनच ओरडली, "अंडा घातलेला असंल त्यात! घरात आनू नुको!" बिस्कीट पागोळीच्या कौलावर ठेवलं. कावळा आला, त्याने मान वाकडी करून पाहिलं आणि उडून गेला. तेव्हाच मला समजायला हवं होतं.

उन्हाळ्यात मुंबईचे गोरे लोक महाबळेश्वरला जाताना घाट चढण्याआधी या बंगल्यात थांबायचे. रोज नवे पाहुणे, आणि रोज संध्याकाळी मी! वऱ्हांड्यात खुर्च्या अर्धगोल मांडलेल्या असत आणि मधे मी उभा. साहेब विचारायचा, "जेवण कधी तयार होईल?" मी म्हणायचो, "एफ्टसून्स, सर!" टाळ्या! "या बाईंचं लग्न कधी होईल?" "एफ्टसून्स, सर!" पुन्हा टाळ्या! एका लठ्ठ पाहुण्याला तर असा ठसका लागला की दोघांनी मिळून त्याची पाठ बडवली. हे सगळं ओसरलं की मी हात जोडून विचारायचो, "सर, माझी ऑर्डर?" साहेब नुसतं बोट वर करायचा आणि सगळा वऱ्हांडा एका सुरात ओरडायचा, "एफ्टसून्स!"

मीही हसायचो. खरं सांगायचं तर सगळ्यांत मोठ्याने मी हसायचो, आणि ते आठवलं की आजही माझ्या अंगाचा तिळपापड होतो. मला वाटायचं, साहेबाबरोबर हसतोय म्हणजे आता आपण साहेबाचेच.

इकडे गावात माझा भाव वधारला. कोणी काकड्या आणून द्यायचा, कोणी कोंबडी. "सायबाच्या कानावर घाल रे, घाटात मुरूम वाहायला माझी गाडी लाव." मी गंभीरपणे म्हणायचो, "बघू. लवकरच." आबांनी तर मांडवासाठी मेढी तोडून आणल्या. आई म्हणाली, "अवं, पोरीचा बा अजून हो कुठं म्हनलाय?" आबा म्हणाले, "म्हनंल गो! सायबाला बघितल्यावर म्हनंल!"

आणि एक दिवस राघूमामा खरंच डोंगर उतरून आले. हातात तुपाचा गडू. आबांनी त्यांना थेट बंगल्यावर आणून आवारातल्या फणसाखाली उभं केलं आणि स्वतः गाडी घेऊन घराकडे गेले. म्हणाले, "बघा नि या."

मामा पाहतायत म्हटल्यावर मला जोर चढला. आज ऑर्डर घेऊनच जायचं! मी डिक्शनरी काखेत मारूनच आलो होतो. खेळ झाला, टाळ्या झाल्या, बिस्कीट मिळालं. मग मी पान उघडून साहेबापुढे धरलं आणि त्या कट्यारीवर बोट ठेवलं. म्हटलं, पाहा, मी काही साधे शब्द वापरत नाही, मानाचे वापरतो.

साहेबाने पान पाहिलं आणि या वेळी तो हसला नाही. त्याने मला सावकाश समजावून सांगितलं. ती खूण मेलेल्या शब्दांची. हा शब्द दोनअडीचशे वर्षांत कोणी तोंडाने बोललेला नाही. जुन्या कवितांमधून पडून आहे, बस्स.

म्हणजे कट्यार त्या शब्दाच्या कमरेला नव्हती! पोटात होती!

"पण सर, माझी ऑर्डर?"

"ती जागा भरली रे. महाडचा एक मुलगा आहे. त्याला येस सर आणि नो सर, एवढंच येतं. काम बरं करतो." आणि मग माझ्या खांद्यावर हात ठेवून, अगदी मनापासून तो म्हणाला, "तुझ्यासारखा माणूस कारकुनीत फुकट जाईल!"

एवढं बोलून त्याने बिस्किटांचा अख्खा डबा माझ्या हातात दिला. मला इतका संताप आला होता की तो डबा त्याच्याच डोक्यात घालावा. तोंड उघडलं आणि आतून आलं, "थँक यू, सर."

राघूमामा आणि मी तसेच घराकडे निघालो. घरी पोचलो. आबा अंगणातच होते. "मग? कवा लागतोस कामावर?"

मी सांगितलं. आबांनी फेटा काढून मांडीवर ठेवला आणि ते मांडवाच्या मेढींकडे पाहत बसले. मुंबईची जागा गेली होती, इथली गेली होती, आणि आता पाहुणाही उठून जाणार. माझ्या डोळ्यांत पाणी आलं. आई आतून तांब्या घेऊन आली आणि दारातच थबकली.

राघूमामांनी मिशी पुसली. "आबा, मी समदा बघितला."

"काय बोलू, पाव्हनं? नशीब आमचा!"

"आवं, पन मला पोरगा पसंत हाय!"

आबांना वाटलं, पाहुण्यांच्या ध्यानात आलेलं नाही. ते मोठ्याने म्हणाले, "नोकरी गेली म्हनतोय तो!"

"तेच बरा झाला! नोकरदार मला नुकोच व्हता. मला पायजे घरजावई." मामा बोटांवर मोजू लागले. "मी बघितला ना. बोलावला की येतो. उबा कर तिथं उबा र्‍हातो. लोक हसली तरी शिंग उगारत नाय. वर्साला आमच्याकडं नंदीबैल येतो ना, त्याच्यापरास गुनी हाय! नि दिला काय, तर येक बिस्कूट. तेवढ्यावर खूश! असा जावई मला दिवा घेऊन हिंडलो तरी गावला नसता!"

मी म्हणालो, "मामा, पण माझं शिक्षण..."

"र्‍हाऊ दे. म्हशी काय बोलत नायत."

मेढी वाया गेल्या नाहीत. लग्न झालं आणि वरातीत नवरी सासरी जायच्याऐवजी नवरा गेला. आंबेनळीच्या त्या डोंगरात, कुडपणला, बिस्किटांच्या रिकाम्या डब्यासकट. (बिस्किटं वऱ्हाडातल्या पोरांनी खाल्ली.)

भागी वाईट नव्हती, नाही. फक्त तिची एक अडचण होती. नवऱ्याचं नाव घ्यायचं नाही, आणि पोर होईपर्यंत 'अमक्याचा बा' असंही म्हणता येत नाही. मी म्हशींमागे पठाराच्या त्या टोकाला. तिने 'अवं' म्हणून हाक मारली की रानातले सगळे नवरे आपापल्या घराकडे वळून पाहायचे. तिने बापाला विचारलं. राघूमामा म्हणाले, "सोप्पा हाय. सायबाचा येक शब्द हाय, त्याच्यावर येतो तो."

पहिल्यांदा पठारावरून ती हाक आली तेव्हा मी तीरासारखा घरी आलो, तो भांडायला. "तो शब्द पुन्हा तोंडातून काढायचा नाही! त्या शब्दाने माझं वाटोळं केलंय! आणि तो मेलेला आहे, कोणी वापरत नाही!"

भागीने शांतपणे माझ्याकडे पाहिलं. "पन तुमी आलाव ना?"

मी वळलो आणि म्हशी आणायला गेलो.

माझ्या त्या एकुलत्या अक्षराला पुढे कुडपणच्या वाळवीने न्याय दिला. साहेब विलायतेला गेला असेल. तो शब्द वापरातून गेला, हे मात्र त्याने साफ खोटं सांगितलं. आमच्याकडे तो दोन्ही वेळ वापरात आहे. धारेची वेळ झाली की भागी दारात उभी राहते, तोंडाशी हात धरते आणि पठारावर हाक घालते, "एफ्टसून्स!" म्हशी आधी वळतात, त्यांच्या मागोमाग मी. गोठ्यात आल्याबरोबर म्हशींना पेंड मिळते. मला आता बिस्कीटसुद्धा मिळत नाही.