अण्णांनी ऐकलेला चित्रपट

आज दुपारी चारच्या सुमाराला समोरच्या घराच्या भिंतीवर पिवळसर ऊन उतरलं आणि अण्णांची, माझ्या वडिलांची, फार आठवण आली.

वीस-बावीस वर्षं मी दुसऱ्यांच्या चित्रपटांसाठी कॅमेरा चालवला. अण्णांनी ते सगळे पाहिले. शेवटी माझं नाव येऊन जाईपर्यंत ते खुर्चीतून उठायचे नाहीत. मग मी पहिल्यांदा स्वतः चित्रपट दिग्दर्शित केला, आणि तो पूर्ण होईपर्यंत काचबिंदूने त्यांची नजर पार गेली होती. तरी ते आले. माझ्या शेजारी बसून ऐकत राहिले.

मध्यंतरानंतर एक प्रसंग आहे. त्यात बराच वेळ कुणीच बोलत नाही. अण्णा हळूच माझ्याकडे झुकले.

"आता काय दिसतंय रे?"

"ऊन," मी म्हणालो. "अंगणात ऊन पडलंय."

"कसलं ऊन?"

एवढी वर्षं मी ऊन टिपत आलो होतो, पण ते शब्दांत सांगायची वेळ कधी आलीच नव्हती.

"दिवाळीच्या तोंडावर असतं ना, तसं. आई गाद्या उन्हात घालायची, तेव्हाचं."

"हां," अण्णा म्हणाले आणि त्यांनी पडद्याकडे तोंड केलं, अंगावर ऊन घ्यावं तसं.

उरलेला चित्रपट मी पाहिलाच नाही. पडद्यावरचा उजेड त्यांच्या चेहऱ्यावर हलत होता आणि मी तेवढंच बघत बसलो. आयुष्यात इतके चेहरे टिपले मी. तो एक राहून गेला.