गायीनं खाल्लेलं पीठ

आम्ही गाव सोडलं त्या सकाळी सासूबाई अंगणात तूर पाखडत बसल्या होत्या. टेम्पो दारात उभा होता. दोन पेट्या, गाद्या, शेगडी, मुलींची दप्तरं, सगळं चढवून झालं. मी पाया पडायला वाकले. त्यांनी पाय मागे घेतले नाहीत, पण डोक्यावर हातही ठेवला नाही. सुपाकडे बघतच म्हणाल्या, "जाय बाप्पा. घर फोडून सुख भेटत असन तं भेटू दे." टेम्पो संग्रामपूरच्या रस्त्याला लागेपर्यंत मी मागे पाहत होते. त्यांनी मान वर केली नाही.

मी चौथीनंतर घरी बसले, कारण माहेरच्या गावात शाळा तेवढीच होती. सासरच्या गावातही तेवढीच. थोरलीची चौथी झाली तेव्हा मी आयुष्यात पहिल्यांदा हट्ट धरला. यांना खामगावला सरकी-ढेपेच्या दुकानात काम मिळालं. दीर आणि जाऊबाई शेतावर राहिले, सासूबाई त्यांच्याजवळ. भांडण कुणाशी झालं नव्हतं. तरी ते "घर फोडून" माझ्याबरोबर टेम्पोत बसून आलं. तीन वर्षं भांडी घासताना, कपडे वाळत घालताना ते आठवायचं, आणि मला वाटायचं, खरंच फोडलं का मी?

गावात मी कमी बोलायचे, इथे तर बोलणंच बंद झालं. नळावर बाया बोलत, मी घागर भरून परत. शेजारच्या शकीलाभाभींनी मात्र मला सोडलं नाही. त्यांच्या माहेरी बेकरी होती, म्हणून त्या घरीच लोण्याचे बनपाव करायच्या. एक दिवस मला ओट्याशी उभं करून म्हणाल्या, "आज तुम बनाओ. मैं सिर्फ देखूँगी."

मैदा, कोमट दूध, साखर, मीठ, लोणी आणि चिमटीत मावतील तेवढे यीस्टचे दाणे. मी पदर खोचला आणि पीठ मळायला घेतलं. आपल्याकडे रोडग्याची कणीक मळतात तशी, घट्ट, तळहाताच्या जोरानं. मला तेवढंच येत होतं. गोवऱ्यांच्या निखाऱ्यात भाजायचे रोडगे सैल कणकेचे कसे होतील? भाभी म्हणत राहिल्या, "हल्का हाथ, भाभी, हल्का." पण पीठ हाताला चिकटलं की मी भीतीनं आणखी मैदा टाकायचे. ते बन असे झाले की धाकटीनं त्यांचे लगोरीचे दगड केले. दोन मोडले नाहीत म्हणून परत आणून दिले.

हळूहळू हात शिकला. पीठ चिकटू द्यायचं, घाबरायचं नाही. जाड बुडाच्या पातेल्यात रेती तापवायची, त्यावर ताटली, वर झाकण. बाहेर काढल्याबरोबर वरून लोणी फिरवायचं. आता मुली शाळेच्या डब्यात नेतात.

या वैशाखात सासूबाईंचे दात दुखायला लागले. दवाखाना इथे, म्हणून दीर त्यांना आमच्याकडे सोडून गेले. खालचे चार दात काढले. त्या कोपऱ्यातल्या खाटेवर भिंतीकडे तोंड करून निजायच्या. भाकर चावत नव्हती. दुधात कुस्करून दिली तर दोन घास घेऊन ताट सरकवायच्या. "भूक नाही." खिचडी दिली तरी तेच. दात दुखतात म्हणून जेवत नाहीत की माझ्या घरचं नको म्हणून, हे मला कळेना, आणि विचारायची हिंमत नव्हती.

चौथ्या दिवशी ठरवलं, बन करू. बन दुधात बुडवला की दात लागत नाहीत. पीठ मळून, झाकून ठेवलं आणि दूध आणायला गेले. उन्हाळ्यात आपल्याकडे पीठ अर्ध्या तासातच फुगतं. परत आले तर परात घासून, पुसून, पालथी घातलेली. सासूबाई खाटेवर नव्हत्या, ओट्याजवळ उभ्या होत्या.

"पीठ आंबून गेलं होतं व तुहं," त्या म्हणाल्या. "असं टम्म झालं होतं! दारात गाय आली, तिले देऊन टाकलं."

मी म्हणाले, "आत्याबाई, ते फुगवायलाच ठेवलं होतं."

"फुगवाले? पीठ हाय का फुगा हाय?" आणि मग एकदम त्यांचा चेहरा उतरला. "म्हंजे ते अजून फुगन? गायीच्या पोटात?"

मला काय माहीत! सासूबाईंचा जन्म गुरांत गेलेला. पोट फुगून बैल गेलेला त्यांनी डोळ्यांनी पाहिलेला. त्या चपला न घालताच दारातून निघाल्या. मी मागे, माझ्या मागे दोघी मुली, आवाज ऐकून शकीलाभाभीही. भर दुपारी सगळी गल्ली आम्ही पालथी घातली. चार दिवस भिंतीकडे पाहणाऱ्या सासूबाई दार दिसलं की विचारत होत्या, "बाई, तांबडी गाय पाह्यली का? कपाळावर पांढरा ठिपका?" अनोळखी बाया बाहेर येत होत्या. कुणी पाणी दिलं, ते त्या उभ्याउभ्या प्यायल्या.

गाय मारुतीच्या देवळामागे कडुनिंबाखाली बसली होती. रवंथ करत होती. सासूबाईंनी तिची डावी कूस दाबून पाहिली, वाजवून पाहिली, मग खाली बसल्या आणि म्हणाल्या, "काही नाही झालं माय हिले. मस्त हाय." शकीलाभाभी म्हणाल्या, "अम्मा, गाय को भी पसंद आया." सासूबाई हसल्या. तोंडाला पदर लावून, दुखऱ्या हिरड्या धरून हसल्या. मीही हसले. त्यांच्यासमोर मी कधी हसलेलं मला आठवत नाही.

घरी येऊन मी पुन्हा पीठ मळलं. या वेळी त्या परातीजवळ मांडी घालून बसल्या. धाकटीनं बोट लावायला हात पुढे केला तर तिच्या हातावर चापट दिली. मधूनच झाकण उचलून म्हणायच्या, "चढून राह्यलं, पाह्य." बन निघाले, वरून लोणी फिरवलं. त्यांनी एक दुधात बुडवून खाल्ला. दुसरा तसाच, कोरडा. तिसरा मागून घेतला.

मग हात धुताना, माझ्याकडे न बघता त्यांनी विचारलं, "पोरी शिकून राह्यल्या का चांगल्या?"

"हो."

"अन् तुले बरं वाटते इथं?"

मी पुन्हा हो म्हणाले. त्या म्हणाल्या, "मंग मी उगाच बोलली त्या दिवशी."

बस, एवढंच. मी ओट्याकडे तोंड केलं आणि कितीतरी वेळ एकच ताट पुसत राहिले.

दोन दिवसांनी दिरांचा फोन आला. स्पीकर चालू होता. "माय, घरी न्यायले कधी येऊ?" सासूबाई म्हणाल्या, "काऊन? घरीच तं आहो मी." आणि आणखी पंधरा दिवस राहिल्या.

आता मी गावाला निघाले की घरी चालले म्हणते, आणि गावाहून परत निघतानाही घरी चालले म्हणते. जाऊबाई मला चिडवतात, एकदा नक्की ठरव म्हणतात. सासूबाई काही म्हणत नाहीत. त्यांना त्यात चुकीचं काही वाटत नाही.