अकरा वाजताचं जेवण

जिल थॉर्नली घरं जप्त करायला आलीय, ही बातमी आयर्लंडमधल्या ड्रोहेडा गावच्या त्या गल्लीत उर्मिलानेच पसरवली. साल २०१२, मंदीत घरांचे हप्ते थकलेले, बँकेचं नुसतं नाव निघालं तरी लोक पडदे ओढून घेत. त्यात ही इंग्लिश बाई हातात कागद घेऊन प्रत्येक दाराला मोजपट्टी लावत होती. चौथ्या दिवशी तीच, जेवणाच्या ऑर्डरी घेणाऱ्या उर्मिलाकडे आली आणि ऐंशी माणसांच्या जेवणाची ऑर्डर देऊन गेली. निघाली एका टीव्ही मालिकेची प्रॉडक्शन मॅनेजर. उर्मिलाने मग अफवा पलीकडच्या नंदिनीच्या नावावर ढकलली.

लीड्सची ही बाई बाविसाव्या वर्षी स्टुडिओत चहा द्यायला लागली होती. त्याला आता अठ्ठावीस वर्षं झाली. घोडे, परवाने, नटांच्या गाड्या, पाऊस आलाच तर काय, सगळं तिच्या डोक्यात. कॅमेऱ्यासमोर मात्र ती कधी फिरकली नाही.

तिच्या लोकांनी गल्ली नव्वद वर्षं मागे नेली. डांबरावर माती आली, म्हाताऱ्या डोनलच्या दारापुढे खाटकाचं खोटं लाकडी दुकान उभं राहिलं. आणि नेमका त्याच आठवड्यात डोनल गेला.

तिथली रीत अशी, की चर्चमधून दफनभूमीकडे जाताना शवगाडी माणसाच्या घरापाशी मिनिटभर थांबते. अंत्यविधी आला तो शूटिंगच्या शेवटच्या दिवशी.

"आता थांबणार कुठे, खाटकाच्या दारात?" डोनलची बहीण ब्रीडा उर्मिलाला म्हणाली. "त्या दुकानाच्या परवानगीवर सही मीच केलीय. कोणाला काय बोलू?"

उर्मिलाच्या पोटात काही राहत नाही. संध्याकाळी जेवणाचं पक्कं करायला जिल आली, तेव्हा तिने सगळं सांगून टाकलं.

"गाडी किती वाजता येईल?" जिलने एवढंच विचारलं.

"साडेअकराला."

"जेवण एकच्या ऐवजी अकराला द्याल?"

"अहो, ऐंशी माणसं आहेत."

उर्मिलाचा नवरा उल्हास हॉस्पिटलमधल्या ड्युटीवरून नुकताच आला होता. "उद्या सुट्टीच आहे मला," तो म्हणाला. "कांदे दे इकडे."

दुसऱ्या दिवशी अकराला सगळे ताटावर बसले, सुतार सोडून. वीस मिनिटांत खाटकाचं दुकान उतरलं आणि मागून डोनलचं हिरवं दार निघालं.

गाडी आली, थांबली. जेवणाच्या तंबूतले नट जुन्या काळच्या कोटांत, तोंडातला घास गिळत बाहेर आले आणि कोणी न सांगता टोप्या काढून उभे राहिले. ब्रीडा दारावर हात टेकवून उभी होती. मिनिटाची सात मिनिटं झाली. जिल ट्रकच्या आडोशाला होती. तिच्या मदतनिसाने झाकोळलेलं आभाळ दाखवलं, तर तिने त्याच्या वॉकीटॉकीवरच हात ठेवला. उर्मिला हातात डाव घेऊन बघतच राहिली.

गाडी गेली, दुकान पुन्हा चढलं. शेवटचा प्रसंग उजेड जाता जाता पुरा झाला.

तेव्हा कुठे जिल गार भात घेऊन बसली. उर्मिलाला राहवेना. "कमाल आहे बाई तुमची. मेलेल्या माणसालाही वेळापत्रकात बसवलंत."

"वेळापत्रक त्याचं होतं," जिल म्हणाली. "मी फक्त जेवण हलवलं."