ठोक्या आणि मारोतीभाऊंची तार

"सिग्नल इतका सुंदर कधी आलाच नव्हता," नागपूरहून साहेब फोनवर म्हणाले. "आणि तुम्ही तक्रार करताय?"

तक्रार तीच होती. सिंदेवाहीच्या पुढे, जंगलाला लागून आमचं कालमापन केंद्र आहे. तिथे मी एकोणीस वर्षं एका मेलेल्या ताऱ्याचे ठोके मोजते. अशा ताऱ्याला पल्सार म्हणतात. तो स्वतःभोवती गरगर फिरतो आणि दर फेरीला रेडिओचा एक ठोका पाठवतो. कागदोपत्री त्याला लांबलचक नंबर आहे, आम्ही त्याला ठोक्या म्हणतो. ठोक्या आपल्या मितीत ऐकू येतो तसाच पलीकडच्या मितीतही येतो. दोन्हीकडची घड्याळं जुळत नाहीत, कॅलेंडरं तर नाहीच नाहीत. ठोक्यांची मोजणी मात्र जुळते. म्हणून केंद्रामागचं दार ठरलेल्या ठोक्याला दोन्ही बाजूंनी एकदम उघडतात. एका बाजूने चुकीच्या ठोक्याला उघडलं, तर समोर नुसती भिंत.

आता ठोक्याचा आवाज फार बारीक. भर बाजारात कोणी कानात कुजबुजावं, तेवढा. तो सोमवारपासून खणखणीत येऊ लागला होता.

"साहेब, तारा दुपारी तीनला मावळतो. ठोके चारलाही चालू आहेत."

"सॉफ्टवेअर अपडेट करून बघा."

एकोणीस वर्षांत या माणसांनी मला दुसरा उपाय सांगितलेला नाही. केलं अपडेट. काही फरक नाही. मशीन भलत्याच कशाचे तरी ठोके मोजत होतं, आणि ते जरा भराभर पडत होते. आमची मोजणी काही तास पुढे गेली होती. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी पाचला दार उघडायचं होतं. येणाऱ्यांच्या यादीत एकच नाव होतं. सुगंधाबाई, शेजारच्या शेतातल्या मारोतीभाऊंची बायको. त्यांची लेक पलीकडे दिलेली, तिच्या बाळंतपणाला गेल्या होत्या. हे दार चुकलं असतं, तर पुढचं थेट वर्षाने.

मी साधा ट्रान्झिस्टर घेऊन अँटेनाच्या कुंपणाभोवती फिरले. मागच्या बाजूला तो टकटक करायला लागला. पाहते तर आमच्या लोखंडी खांबांना नवीकोरी तार बांधलेली, आणि तारेच्या टोकाला झटका मशीन. रानडुकरं धानात शिरू नयेत म्हणून सोलरवरचं हे यंत्र तारेत सेकंदा-सेकंदाला करंट सोडतं. माझं डोकंच फिरलं.

"मारोतीभाऊ, आमच्या खांबांना तार का बांधली?"

"तुमचे खांब मजबूत हायेत ना, मॅडम. मी बांबूचे लावले होते, डुकरानं पाडले."

"उद्या दहा ते तीन मशीन पूर्ण बंद पाहिजे. खरा ठोका ऐकू आला तरच मोजणी परत बसवता येईल."

"नाई जमत. धान लोंबीवर हाय. दिवसा माकडं, सांजच्याला डुकरं."

"अहो, तुमच्या बायकोसाठीच सांगतेय. त्या उद्या यायच्या आहेत."

"म्हणून तं. जाताना सांगून गेली, एक बांधी जरी खाल्ली तं घरात पाय ठेवणार नाई. आता ती येऊन राह्यली, अन् मी मशीन बंद करू?"

बांधी म्हणजे बांध घातलेला धानाचा तुकडा. असल्या त्यांच्या आठ. तासभर समजावलं, ऐकेनात. शेवटी मी वैतागून म्हटलं, "राखा मग धान. त्या वर्षभर तिकडेच राहतील, घरात पाय ठेवायचा प्रश्नच नाही."

"वर्ष?" त्यांनी विचारलं.

"वर्ष."

दुसऱ्या दिवशी दहाला त्यांनी स्वतःच्या हाताने बटण बंद केलं आणि तेलाचा रिकामा डबा बडवत बांधावरून फिरायला लागले. माकडं तिन्ही बाजूंनी आली. मारोतीभाऊंचं ओरडणं माझ्या हेडफोनमधूनही ऐकू येत होतं. अकराच्या पुढे कुठे ठोक्याची कुजबूज लागली. शेवटच्या खऱ्या नोंदीपासून हिशोब धरून मी मोजणी मागे आणली. तेवढ्यात फोन.

"अहो, सिग्नल एकदम पडलाय. काय केलंत?"

"दुरुस्ती," मी म्हटलं आणि फोन ठेवला.

पाचला दार उघडलं. समोर भिंत नव्हती. सुगंधाबाई गाठोडं घेऊन बाहेर आल्या आणि नवऱ्याकडे पाहून म्हणाल्या, "काऊन बोलत नाई?"

मारोतीभाऊंनी तोंड उघडलं. आवाजच निघाला नाही. त्यांनी नुसतं शेताकडे बोट दाखवलं. एक बांधी पार आडवी झाली होती.

"बाई, रागावू नका," मी मध्ये पडले. "पाच तास ओरडत होते, तुम्ही यावं म्हणून."

"मले माहीत हाय," त्या म्हणाल्या. "मी दुपारपासून दाराशी बसून होती. तिकडं ऐकू येऊन राह्यलं होतं."

गाठोडं त्यांनी नवऱ्याच्या हातात दिलं आणि त्या घराकडे चालू लागल्या.

हे शेवटचं मी रिपोर्टात लिहिलं नाही. साहेबांनी मला अपडेट करायला लावलं असतं. नव्याने रुजू होणाऱ्यांना मात्र सांगते, की आकाशाकडे बघण्याआधी शेजाऱ्याच्या बांधावर एक फेरी मारा, आणि त्याची बायको घरी आहे का तेही विचारा.