पोथीने मला "माघारी जा" म्हटलं तेव्हा

आधीच सांगते, माझा असल्या गोष्टींवर कधीच विश्वास नव्हता. भूत, करणी, अंगात येणं... असलं काही कानावर आलं की मी तोंडावर हसणारी बाई. बी.एस्सी. झालेली आहे, वाशिमच्या बाजारासाठी भाजीपाला पिकवते. वांग्यावर कीड पडली तर फवारणी करते, लिंबू-मिरची बांधत बसत नाही. तेव्हा हे वाचून कुणाला हसायचं असेल तर खुशाल हसा. झालं ते झालं, मी काही मागे घेणार नाही.

आमचं गाव अनसिंगच्या जरा अलीकडे. महादेवाचं देऊळ, समोर टिनाच्या छताचा सभामंडप, खांबाला एक भोंगा. श्रावणात दुपारी इथे पोथी लावतात. छापील नाही, हाताने लिहिलेली, सुट्या पानांची, लाल फडक्यात बांधलेली. कुणी लिहिली ते कुणालाच माहीत नाही. तिच्यात एक भलतंच राज्य आहे. तिथे नद्या डोंगर चढतात, झाडं पाण्याच्या शोधात चालत जातात, आणि गादीवर कोण बसणार हे सिंहासन स्वतः ठरवतं. देव म्हणावा तर त्यात एकही नाही, तरी गाव तिची आरती करतं. म्हातारी माणसं म्हणतात, "पोथी जिती आहे. तिच्यासमोर जपून बोला."

पद्धत अशी की एकाने ओवी वाचायची आणि शेजारी बसलेल्याने अर्थ सांगायचा. नियमही एकच. पोथी वाचणाऱ्याच्या घरी राहते, पण त्या घरात वाचायला कुणी उरलं नाही, किंवा वाचणारा अध्याय अर्धा सोडून थांबला, तर ती अर्थ सांगणाऱ्याच्या घरी जाते. कायमची.

वाचणारे म्हणजे माझे बाबा. अर्थ सांगणारा माझा चुलत भाऊ, मनोहरदादा. घशाच्या ऑपरेशनमध्ये बाबांचा आवाज गेला आणि श्रावण तोंडावर आला. मी त्यांची एकुलती एक. म्हटलं, मी वाचते.

"बाईमाणूस व्यासपीठावर?" दादा सगळ्यांसमोर म्हणाला. "पोथी घेईन का ऐकून?"

"नाही घेतलं तं पोथीच सांगीन ना! तुमी कायले तिची वकिली करून राह्यले?"

बाया पदराआड हसल्या. पुरुषांनी हो म्हटलं, कारण ही आज ना उद्या अडखळणार याची त्यांना खात्री होती. मलाही हौस नव्हती फार. पण बाबांचा आवाज तर गेलाच होता, आता पोथीही घरातून गेली असती तर त्या माणसाकडे उरलं काय असतं? मी त्यांच्यासाठी बसले. हे मी कुणापासून लपवलं नाही.

सुरुवातीचे अध्याय नीट पार पडले. मग राज्याभिषेकाचा अध्याय आला. तो मला लहानपणापासून पाठ:

राजकन्या आली द्वारीं । द्वारपाळ हात जोडी शिरीं ।
म्हणे चलावें मंदिरीं । सिंहासन वाट पाहे ॥

भर दुपार, लख्ख उजेड, सोयाबीनच्या निंदणातून आलेल्या बायांनी मंडप भरलेला. मी पान उचललं आणि डोळ्यांना दिसलं ते माइकमध्ये वाचत गेले:

द्वारपाळ म्हणे थांब नारी । नको चढूं ही पायरी ।
जाई परतोनि माघारी । आसन हें तुझें नव्हे ॥

वाचून झाल्यावर माझ्या लक्षात आलं की ही ती ओवी नव्हेच. पण दादा इतक्या वर्षांच्या सवयीने डोळे मिटून सुरू झालाही होता. "तर मंडळी, द्वारपाळानं हात जोडले, म्हणे चला बाईसाहेब, आत चला..."

मागून शेवंताकाकू ओरडली, "काहून बे मनोहर, ओवी थांब म्हणते अन तू चला म्हणून राह्यला?"

दादाने डोळे उघडले. माझ्या हातातल्या पानावर वाकला, ओळीवर बोट ठेवून मनात वाचलं. एकदम उठून उभाच राहिला. "पाहा! मी म्हणत होतो का नाही? पोथीनंच सांगतलं! आता तरी उतर खाली."

मी उतरले नाही. पुढचं पान उचलायला गेले तर उचलेना. सुटं, पातळ पान... आणि माझ्या बोटाखाली फरशीसारखं जड! थांबले तर पोथी गेली, आणि पुढे जायला ती वाट देईना. समोर बाबा बसले होते. बोलता तर येत नव्हतं त्यांना. त्यांनी मांडीवर मूठ आपटली, एकदाच.

मग मात्र मला राग आला. दादाचा नाही, त्या पोथीचा. ज्या सभामंडपात ती मिरवत होती त्याची गिट्टी-रेती गावातल्या बायांनी डोक्यावर घमेली घेऊन वाहिली होती. मीही वाहिली होती. मी तिच्याकडे बघून म्हटलं, "तुले बोलता येते तं आता ऐकून घे." आणि तोंडाला आलं ते माइकमध्ये म्हटलं:

नारी म्हणे रे द्वारपाळा । म्यांच वाहिल्या या शिळा ।
तेव्हां न दिसलें तुझ्या डोळां । आतां कैसी अडविसी ॥

आयुष्यात मी कधी ओवी रचलेली नाही, त्याआधी नाही आणि त्यानंतरही नाही.

पान हललं. वारा नव्हता, माझं बोटही नुसतं टेकलेलं होतं. ते अलगद उलटलं, आणि त्यावर सगळ्यात वर माझी ओवी होती. तीच तपकिरी शाई, तेच वळण. मी ती परत वाचली, आता पानावर बघून. दादा शेजारून बघत होता.

"अर्थ सांगा, दादा," मी म्हटलं.

त्याने पोथीकडे पाहिलं, बायांकडे पाहिलं. पोथीत जे आहे त्याचा अर्थ सांगायचाच, ही त्याच्या वडिलांपासूनची रीत. तो हळूच खाली बसला.

"अर्थ असा... का ज्याईनं दगडं वाह्यले, त्याईले पायरीवर कोणी अडवू नये."

भोंग्यावरून ते शेतापर्यंत गेलं असेल. बाबा रडत होते. अध्याय मी पूर्ण केला.

आरतीनंतर दादाने आणि मी ते पान पुन्हा काढून पाहिलं. द्वारपाळ पहिल्यासारखा हात जोडून उभा! "थांब नारी"चा मागमूस नाही. माझी ओवी मात्र पुढच्या पानावर आजही आहे. गावात काही जण म्हणतात मीच लिहिली. माझं अक्षर कोंबडीने पाय ओढल्यासारखं आहे, त्यांनी एकदा भाजीचा हिशोब बघून जावा. फोटो मागू नका, श्रावणात येऊन ऐका.

पोथीने माझी परीक्षा घेतली, की तिला मला खरंच हाकलायचं होतं? बाबा खुणेनं सांगतात, परीक्षाच. मला तसं वाटत नाही. मला वाटतं तिने मनापासून "जा" म्हटलं होतं, आणि मी गेले नाही. पोथी आमच्याच घरी आहे, लाल फडक्यात. दर श्रावणात त्या ओवीशी आले की मी क्षणभर थांबते, तिला परत काही म्हणायचं असेल तर म्हणू दे म्हणून.

अजून तरी काही बोललेली नाही.