बावन्न नंबरची नावपट्टी

१६ सप्टेंबर २००६, शनिवार. काम: फुटबॉलच्या जर्सीवरची नावपट्टी उसवणे.

हा पायाने खेळायचा फुटबॉल नव्हे. हेल्मेट घालून, खांद्यांवर पॅड चढवून एकमेकांना आडवं पाडतात तो, अमेरिकेतला आणि कॅनडातला. जर्मनीत नेकारसुल्मजवळच्या आमच्या गावात त्याचा एक क्लब होता, दुसऱ्या लीगमध्ये खेळणारा. कारखान्यातल्या एका सहकाऱ्याने ह्यांना एकदा मॅच बघायला नेलं, आणि दोन-तीन वर्षांत हे क्लबच्या फोरश्टांडमध्ये, म्हणजे कार्यकारिणीत जाऊन बसले. जर्मन क्लबात नवरा शिरला की बायकोला वेगळं विचारत नाहीत, तिचं काम ठरलेलं असतं. बाकीच्या बायका मॅचसाठी केक भाजायच्या. मी स्टेशनजवळच्या कपडे दुरुस्तीच्या दुकानात कामाला होते, म्हणून केकमधून सुटले आणि जर्सींमध्ये अडकले. मॅच झाली की पिशवी आमच्याकडे. धुवायच्या, फाटलेलं शिवायचं, नवा खेळाडू आला की पाठीवर त्याच्या नावाची पट्टी बसवायची.

आदल्याच आठवड्यात मोसमातली शेवटची मॅच झाली होती. क्लबचं साहित्य सांभाळणारे आजोबा सकाळी पिशवी घेऊन आले. एरवी ते पिशवी जिन्यात ठेवून जायचे. त्या दिवशी वरपर्यंत आले आणि खिशातून वेगळ्याच नावाची एक नवी कोरी पट्टी काढून माझ्या हातात दिली.

"बावन्नवरची जुनी काढा आणि ही लावा. सोमवारी नव्या संघाचा फोटो आहे."

"काहीतरी चुकतंय," मी म्हटलं. "बावन्न नंबर तर आमच्याकडे राहतो."

"गेनाऊ, बरोबर. त्याचीच काढायची." मग ते माझ्या तोंडाकडे बघून थांबले. "तुमच्या मिस्टरांना माहीत आहे सगळं."

चहा नको म्हणाले. कधी नव्हे ते घाईने जिना उतरले.

बावन्न नंबर म्हणजे आमच्याकडे राहणारा कॅनडाचा लाइनबॅकर. मुलगी शिकायला येनाला गेल्यापासून तिची खोली रिकामी होती. क्लबला परदेशी खेळाडूसाठी जागा हवी होती. हे म्हणाले, मोसम संपेपर्यंतचा प्रश्न आहे. एप्रिलमध्ये तो आला तेव्हा दारातून आत यायला त्याला थोडं तिरकं व्हावं लागलं. पहिल्या दिवशी मी पोळ्या केल्या. दुसऱ्या दिवसापासून भाताचं मोठं पातेलं चढवायला लागले, कारण त्याला पोळ्या पुरवायच्या म्हणजे मला नोकरी सोडावी लागली असती.

आल्या आल्या स्टुटगार्टला आमच्या मंडळींची आंबेडकर जयंती होती. ह्यांनी त्याला बरोबर नेलं, स्टेजवर उभं केलं आणि "हा आमच्या घरचा" म्हणून सगळ्यांना सांगितलं. त्याने तीन वाट्या खीर खाल्ली आणि "जय भीम" शिकून घेतलं. तेव्हापासून घरात शिरताना "हॅलो" नाही, "जय भीम" म्हणायचा. इतरांचं ऐकून ह्यांना दादा आणि मला वहिनी म्हणायला लागला.

लाइनबॅकर म्हणजे काय ते त्याने मला जेवणाच्या टेबलावर वाट्या मांडून समजावलं होतं. पुढे धटिंगणांची एक रांग, तिच्यामागे तो. समोरचे काय करणार हे त्यांनी हलायच्या आत ओळखायचं आणि तिथे जाऊन धडकायचं.

"ओळखायचं कसं?" मी विचारलं.

"कंबर बघायची, वहिनी. डोळ्यांनी फसवता येतं, खांद्यांनी फसवता येतं. कंबर वळली की माणूस तिकडेच जातो."

कॅनडात मैदान मोठं, खेळाडू एक जास्त, आणि चेंडूपासून हातभर मागे उभं राहायचा नियम. इथे तसा नियम नाही, पण जन्माची सवय, त्यामुळे पहिल्या मॅचला तो मागेच उभा राहत होता आणि कोच बाहेरून ओरडत होता. दुसऱ्या मॅचपासून त्याने तो हात भरून काढला. हे मी कुणाचं ऐकून सांगत नाही. पुढे मी सगळ्या मॅच बघितल्या.

तिकडच्या मोठ्या लीगमध्ये तो चार मोसम होता. त्यातले निम्मे बाकावर गेले. पाचव्या वर्षीच्या शिबिरात शेवटच्या सकाळी खोलीचं दार वाजलं आणि बाहेरचा माणूस म्हणाला, "डावांची वही घेऊन खाली ये." वही परत मागितली की नोकरी संपली, हे तिथे सगळ्यांना ठाऊक असतं. मग दोन हिवाळे एका गोदामात खोकी उचलली. आणि मग आमचं गाव. एकोणतिसावं चालू होतं आणि उजवा खांदा दुखत होता. खेळायचे दिवस संपत आले हे त्याला कळत होतं. त्याला आता कोच व्हायचं होतं, आणि क्लबने त्याला तसा शब्द दिला होता: पुढचा एक मोसम खेळायचं आणि सोबत युगेंडला, म्हणजे लहान मुलांच्या संघाला शिकवायचं. इथे राहायची परवानगी क्लबच्या करारावरच मिळणार होती, त्यामुळे त्या शब्दावर त्याचं सगळं अवलंबून होतं.

शेवटच्या मॅचच्या आधीच्या रविवारी आम्ही तिघं जेवायला बसलो होतो. ऑस्ट्रियातल्या एका क्लबने त्याला बोलावलं होतं. तिथेही खेळणं आणि शिकवणं दोन्ही होतं, फक्त उत्तर त्याच रात्री हवं होतं.

"दादा, तुम्ही फोरश्टांडमध्ये आहात. काय करू?"

ह्यांनी भाताला डाळ कालवता कालवता सांगितलं, "थांब इथेच. कोच तूच. मी आहे ना."

त्याने आमच्या पॅसेजमधल्या फोनवरून ऑस्ट्रियाला नाही सांगितलं, परत येऊन बसला आणि आणखी भात घेतला. पुढच्या शनिवारी खांद्याला पट्ट्या गुंडाळून खेळला. मॅच जिंकलो, क्लब खालच्या लीगमध्ये जाता जाता वाचला. सगळ्यांनी त्याला उचलायचा प्रयत्न केला आणि ते जमलं नाही म्हणून हसले.

तर ती नवी पट्टी हातात घेऊन मी मशीनपाशी बसले. हे बाजारात गेले होते, तो मित्राला भेटायला न्युरेम्बर्गला. हात चालू राहिले की माझं डोकं थंड राहतं, म्हणून उसवणी घेतली आणि जुन्या पट्टीचे टाके काढायला सुरुवात केली. एक बाजू सुटली तेवढ्यात हे आले.

"अहो, बावन्नला काढलं?"

ह्यांनी पिशव्या खाली ठेवल्या. "दूध आधी फ्रीजमध्ये ठेवू दे."

"दूध राहू द्या."

"ऑगस्टमध्ये ठरलं," हे म्हणाले. "अमेरिकन लष्कराच्या इथल्या तळावरून सुटलेला एक मुलगा आहे, चोवीस वर्षांचा. इथेच लग्न केलंय, इथेच राहणार आहे. याचा खांदा बघतेस ना तू?"

"मतदान झालं?"

"एकमताने झालं."

"म्हणजे तुम्हीपण हात वर केलात."

"अगं, मी एकटा विरोधात जाऊन काय होणार होतं?"

"ते एक वेळ सोडा. मला का नाही सांगितलं?"

"फोरश्टांडमधलं बाहेर बोलायचं नसतं. नियम आहे तसा."

"मी बाहेरची?"

"तू त्याला सांगितलं असतंस."

"सांगितलंच असतं."

"मग? तो त्याच दिवशी ऑस्ट्रियाला गेला असता. शेवटची मॅच होती. सगळा क्लब खाली गेला असता, तेव्हा समजून घे जरा."

मी समजून घेतलं. म्हणूनच जास्त राग आला. ऑगस्टपासून हे रोज त्याच्याशेजारी बसून जेवत होते. ह्यांना खोटं बोलता येत नाही असं मी लग्न झाल्यापासून लोकांना सांगत आले होते. विम्याच्या माणसासमोरसुद्धा ह्यांचे कान लाल होतात. पण त्या रविवारी काही लाल झालं नव्हतं. डाळ कालवणारा हात थांबलासुद्धा नव्हता.

"त्याने विचारलं तेव्हा गप्प बसायचं होतं," मी म्हटलं. "'मला सांगता येत नाही' एवढं म्हणायचं होतं. नियमही मोडला नसता. 'मी आहे ना' कशाला म्हणालात?"

"तोंडातून गेलं."

"आणि जयंतीला स्टेजवर 'आमच्या घरचा' गेलं ते?"

ह्यांनी दूध उचलून फ्रीजमध्ये ठेवलं.

मुलीचा येनाहून फोन आला तेव्हा तिला सांगितलं. मी मराठीत बोलते, ती जर्मनमध्ये उत्तर देते, आईलाही जर्मनांसारखं मामा म्हणते, आमचं तसंच चालतं. "मामा, क्लब असाच असतो," ती म्हणाली. "पापाला क्लब हवा होता, मिळाला." मग विचारलं, "त्याला कोण सांगणार?"

"मी."

"पापा का नाही?"

मी ह्यांना हाक मारली. हे म्हणाले, अध्यक्ष सोमवारी रीतसर बोलावून सांगणार आहेत. फोटोच्या आधी.

संध्याकाळी तो आला. मजेत होता. दार उघडून वाकून "जय भीम, वहिनी" म्हणाला, न्युरेम्बर्गहून मला मसाल्याच्या बिस्किटांचा डबा आणला होता तो टेबलावर ठेवला, आणि पाणी प्यायला वळला. तिथे मशीनवर बावन्न नंबर पालथा पडला होता. त्याच्या नावाची अर्धी पट्टी लोंबत होती. शेजारी नवी पट्टी.

मी ती जर्सी उचलून ठेवायला हवी होती, पण दुपारपासून ती तिथेच होती आणि मला तिचं भानच राहिलं नव्हतं.

"तुला सांगायचं होतं, बस जरा," मी म्हटलं आणि दोन वाक्यांत सांगून टाकलं. अशा गोष्टी लांबवण्यात अर्थ नसतो.

तो बसला नाही. बाहेरच्या खोलीत जाऊन ह्यांच्यासमोर उभा राहिला. हे सोफ्यावर होते. टीव्हीचा आवाज बंद होता, चित्र चालू होतं.

"दादा, मी ऑस्ट्रियाचं विचारलं, तेव्हा तुम्हाला माहीत होतं?"

"जा," हे म्हणाले. त्याचा प्रश्न इंग्रजीत आणि ह्यांचं उत्तर जर्मनमध्ये, 'जा' म्हणजे 'हो'.

त्याने मान हलवली. ओरडला नाही. पॅसेजमध्ये जाऊन ऑस्ट्रियाला फोन लावला. फोन फार वेळ चालला नाही. जागा भरली होती. परत स्वयंपाकघरात आला आणि मशीनकडे बघत राहिला.

"तिकडे निदान दार वाजवायचे," तो म्हणाला.

"मला आज सकाळी कळलं. शपथ."

"ओके, वहिनी."

"खरंच आज कळलं."

"ओके," तो पुन्हा म्हणाला, आणि लोंबणारी पट्टी बोटाने उचलून पाहिली. टाके किती नीट काढलेत ते बघावं तशी. मी नीटच काढले होते. कापडाला इजा होऊ न देता उसवायची मला सवय आहे. त्याच्या जागी मी असते तर मीही विश्वास ठेवला नसता. महिन्याभरापासून सगळं ठरलंय, नवऱ्याने हात वर केलाय, आणि बायको शांतपणे मशीनवर बसून नाव काढतेय.

"भूक नाही" म्हणून तो खोलीत गेला. पाच महिन्यांत हे वाक्य मी त्याच्या तोंडून पहिल्यांदा ऐकलं. मी त्याचं ताट झाकून ठेवलं. ह्यांनी आणि मी वेगवेगळ्या वेळी जेवून घेतलं.

रविवारी उठले तर ताट तसंच होतं आणि ताटाशेजारी घराची किल्ली होती. खोलीत चादरी घडी करून पलंगाच्या टोकाला ठेवलेल्या. खिडकी उघडी. क्लबचा ट्रॅकसूट खुर्चीवर, तोही घडी केलेला. मी चिठ्ठी शोधली नाही. चिठ्ठी लिहिणारा माणूस असता तर जाताना मला उठवलं असतं.

जर्मनीत रविवारी आवाज करत नाहीत. कपडे धुवायचे नाहीत, खिळा ठोकायचा नाही, काचेच्या बाटल्यासुद्धा टाकायच्या नाहीत. खालच्या मजल्यावर घरमालक राहायचे. इतक्या वर्षांत मी एकदाही रविवारी मशीन चालवलं नव्हतं. त्या दिवशी चहा घेतला आणि मशीनवर बसले. त्याचं नाव होतं तिथे सरळ लावलं. आधी साधी शिलाई चारही बाजूंनी, वरून झिगझॅग, मग आतल्या बाजूने जाड दोऱ्याने पुन्हा एकदा. ते नाव काढायचं तर जर्सीची पाठ फाटणार.

खालून घरमालकांनी हीटरच्या पाइपवर ठोकल्याचा आवाज आला. हे झोपेतून उठून दारात आले.

"अगं, रविवार आहे. खालचे चिडलेत."

"चिडू द्या."

"काय शिवतेस?"

मी जर्सी उलटी करून दाखवली. हे बघत राहिले. "सोमवारी फोटो आहे," असं हळूच म्हणाले.

जर्सी पिशवीत कोंबली, बाकीच्या न धुतलेल्या सगळ्या तशाच होत्या, वर नवी पट्टी टाकली आणि गाडी काढली. अध्यक्षांच्या दाराची घंटा वाजवली. ते ब्रेडचा तुकडा हातात घेऊनच बाहेर आले. "बावन्न शिवून आणलाय, बाकीचं तुम्ही धुवा," असं सांगितलं, पिशवी त्यांच्या पायाशी ठेवली आणि गाडीत येऊन बसले.